घोंगड्यावरचा पंचनामा

फेब्रुवारी आला की माझं डोकं फिरतं. लोकांचं वैशाखात फिरतं, माझं फेब्रुवारीत. कराडला आमच्या घरासमोर झेरॉक्सचं दुकान आहे. तिथे प्रवेशपत्रांच्या प्रती काढायला पोरांची रांग लागते, एखादी आई रिक्षातून उतरता उतरता "पेन दोन घेतलीस का गं?" म्हणून ओरडते, कोपऱ्यावरच्या कडुलिंबाची पिवळी पानं दुकानाच्या पायरीवर गळत असतात, आणि मी खिडकी लावून घेते. सून म्हणते, "आई, इतकी छान हवा आहे, खिडकी कशाला लावता?" हवा छान असते हे खरंच. थंडी पुरती गेलेली नसते, ऊन चावायला लागलेलं नसतं. पण त्या हवेत मला ताज्या कडब्याचा वास येतो, त्याच्यामागोमाग डिझेलचा येतो, आणि मग दिवसभर माझं कुणाशी धड बोलणं होत नाही.

त्यात परवा पेपरात आतल्या पानावर चार ओळी होत्या. कुठल्याशा गावच्या गाडीची वेळ बदलली, गाव कोर्टात गेलं, कोर्टानं परिवहन खात्याला गावाचं ऐकून घेऊन फेरविचार करायला सांगितलं. बातमीचा मथळा होता, 'ग्रामस्थांत आनंद'. मी तो पेपर पसरला आणि त्याच्यावर मेथी निवडायला बसले.

आनंद आम्हीही केला होता. गुलाल उधळला होता, पेढे वाटले होते. त्या पेढ्यांची आठवण झाली तरी अजून तोंड कडू होतं.

मी मूळची सांगलीची. गावभागातल्या घरात वाढलेली, मोठ्यांपुढे आवाज चढवायचा नाही अशा शिस्तीतली. शिक्षिकेच्या नोकरीची शेवटची अकरा वर्षं मात्र काढली ती सातारा आणि सांगली या दोन जिल्ह्यांच्या शिवेवरच्या एका वाडीत. वाडीचा सातबारा साताऱ्यात, बाजार आटपाडीला आणि देव म्हसवडला. पाऊस दोन्ही जिल्ह्यांकडून यायचा आणि दोन्हीकडून टाळायचा. वस्ती सगळी धनगरांची. पूर्वी सगळा पसारा मेंढरांचा, आता थोडी ज्वारी, थोडी डाळिंबं. तरी निम्मे बाप्ये वर्षातले सहा-सात महिने कळप घेऊन कृष्णाकाठच्या उसाच्या रानांत असायचे, आणि वाडी चालायची ती बायका, म्हातारी माणसं आणि पोरीबाळी यांच्यावर.

आमची शाळा दहावीपर्यंत. पुढचं कॉलेज आटपाडीला, म्हणजे दुसऱ्या जिल्ह्यात, सव्वा तासावर. पोरं मोटरसायकलवर तिघं तिघं बसून जायची. पोरींना कोण तसं पाठवतंय? पोरींसाठी एकच वाहन होतं, मुक्कामाची गाडी.

ज्यांनी मुक्कामाची गाडी पाहिलेली नाही त्यांना सांगायला हवं. दिवे लागायच्या सुमाराला ती लाल गाडी धुरळा उडवत यायची, बिरोबाच्या देवळासमोर वळायची आणि तोंड रस्त्याकडे करून उभी राहायची. ड्रायव्हर बापू आणि त्याचा कंडक्टर देवळाच्या ओवरीत मुक्काम करायचे. त्यांच्या जेवणाची घरटी पाळी होती. "आज गाडी कुणाकडं हाय?" असं कुणी विचारलं तर त्याचा अर्थ बापू आज कुणाकडे जेवणार. पाळी चुकवलेली मी अकरा वर्षांत पाहिली नाही. ज्या घरात सुतक असेल त्याची पाळी शेजारी घ्यायचा. सकाळी सव्वासहाला गाडी सुटायची. बापू पाच-सात मिनिटं आधीच इंजिन सुरू करून ठेवायचा, ते गाडी गरम व्हायला नव्हे, पोरींच्या वेण्या उरकायला.

वाडीतले जुने जाणते म्हाकूतात्या मला एकदा म्हणाले होते, "बाई, पोरगी गाडीत बसली म्हंजी घरात बसल्यागत हाय." एवढ्या एका भरवशावर त्या वाडीतल्या पोरी दहावीच्या पुढे शिकत होत्या. हा भरवसा कुठल्या योजनेतून आलेला नव्हता, बापूच्या इंजिनातून आलेला होता.

त्या वर्षी चौघी बारावीला होत्या. त्यातली कोमल सायन्सला. बाप आणि चुलता मेंढरं घेऊन कराडकडच्या रानात, घरी आई, ती आणि धाकटी बहीण. ड्रायव्हरच्या मागच्या बाकावर बसून ती जीवशास्त्र मोठ्यानं पाठ करायची, इतकी मोठ्यानं की बापूला हृदयाचे चारी कप्पे पाठ झाले होते. त्याला कुणी विचारलं, "बापू, काय म्हणताय?" तर तो म्हणायचा, "डावा कप्पा बरा हाय, उजव्याचं बघू." कोमलला नर्स व्हायचं होतं. मुंबई-पुण्याची स्वप्नं नव्हती. आटपाडीत नाहीतर म्हसवडला दवाखान्यात नोकरी, आणि पांढरा डगला. तिनं तो डगला कसा शिवायचा हेसुद्धा ठरवून ठेवलं होतं.

आणि जानेवारीत एका संध्याकाळी गाडी आली नाही. ज्या घरची पाळी होती तिथे वांग्याचं कालवण झाकून ठेवलेलं तसंच राहिलं. दुसऱ्या दिवशीही नाही. तिसऱ्या दिवशी कळलं की डेपोच्या फळ्यावर कागद लागलाय. मुक्काम रद्द, वाडीतून पहिली फेरी सकाळी नऊ-चाळीसला. कारण काय तर भारमान कमी, म्हणजे गाडीत पुरेशी माणसं बसत नाहीत. कोणत्या दिवशी मोजली? दिवाळीच्या सुट्टीत! कॉलेज बंद असताना गाडी मोजली आणि रिकामी आहे म्हणाले. नऊ-चाळीसला निघालेली गाडी आटपाडीला पोचायची अकराला पाच कमी असताना. कॉलेज आठला भरायचं, आणि बोर्डाच्या परीक्षेला साडेदहाला वर्गात हजर पाहिजे. अकरानंतर फाटक बंद.

हे साधं गणित मी किती टेबलांपुढे मांडलं असेल! साताऱ्यातले साहेब म्हणाले, गाडी जाते सांगली जिल्ह्यात, तिकडे विचारा. सांगलीतले म्हणाले, वाडी तुमची साताऱ्यात, तिकडे विचारा. दोघंही अगदी सभ्यपणे म्हणाले. एकानं तर चहाही पाजला. त्या चहाचाही मला आता राग येतो.

शेवटी कराडचा माधव वकील आठवला. कॉलेजात माझ्याच वर्गात होता. त्यानं कागद वाचले, चष्मा कपाळावर सरकवला आणि म्हणाला, "अगं कुमुद, हे वरच्या कोर्टात जाईल. पण एक समजून घे. कोर्ट वेळापत्रक करून देणार नाही. तो त्यांचा अधिकार. कोर्ट बघणार ते एवढंच, की निर्णय घेताना नीट घेतला की नाही. माणसांचं ऐकलं का, कारण दिलं का."

मला ते फार पटलं. मास्तरणीला पटायचंच ते. गणितात उत्तर चुकलं तरी आम्ही पायऱ्यांना मार्क देतो. मला वाटलं, पायऱ्या नीट केल्या की उत्तर आपोआप बरोबर येणार.

सुनावणीला मी आणि म्हाकूतात्या गेलो होतो. तात्यांनी धुवट पटका बांधला होता आणि खांद्यावर घोंगडं होतं. न्यायमूर्ती खात्याच्या वकिलांना चांगलंच बोलले. सुट्टीत माणसं मोजता? गावाला एका शब्दानं विचारलं नाहीत? परीक्षा तोंडावर आहे हे माहीत नाही? मग हुकूम झाला की अधिकाऱ्यानं स्वतः वाडीत जावं, ग्रामस्थांचं म्हणणं जागेवर ऐकावं, पंचनामा करावा आणि परीक्षेच्या आत कारणांसहित नव्यानं निर्णय द्यावा. माधवनं बाहेर येऊन माझा हात हातात घेतला. तात्या मात्र उभेच.

"वकीलसायेब, जज्जसायबांनी गाडी सोडा म्हन्लं का न्हाई?"

"तात्या, ते म्हणाले, तुमचं नीट ऐकून घेऊन ठरवा."

"कुनी ठरवायचं? ज्येनं बंद केली त्येनंच?"

"हो, अधिकार त्यांचाच ना."

"म्हंजी लांडग्यालाच इचारायचं, बाबा, मेंढरं कुटं बसवू?" तात्या म्हणाले आणि पटका सारखा करत जिना उतरले. मी आणि माधव हसलो. म्हातारा गमतीचं बोलला असं मला तेव्हा वाटलं होतं.

फेब्रुवारीचा पहिला पंधरवडा. ज्वारी काढून कणसं खुडायचं काम चाललं होतं. सगळ्या वाडीच्या अंगाला कणसांची बारीक कूस लागलेली, जो तो मान खाजवत फिरतोय. लिंबं पानं टाकत होती. पहाटे दव पडायचं आणि दुपारी पाय भाजायचे. सव्वासहाला इंजिनाचा आवाज नाही म्हणून सकाळ नुसती पडून राहायची. पोरी घरीच अभ्यास करत होत्या, म्हणजे भाकरी थापत, शेळ्या बघत, मधूनमधून पुस्तक उघडत होत्या. दोघींच्या घरी "परीक्षा झाली की बघू" असं बोलणं सुरू झालं होतं. काय बघू ते मला पक्कं ठाऊक होतं. अशा दिवसांत निरोप आला की साहेब गुरुवारी येताहेत.

आणि वाडीनं काय केलं? वाडीनं पाहुणा येणार म्हणून तयारी केली. देवळाचं अंगण सारवलं, दारात रांगोळी काढली, फेटा आणला, नारळ आणला, कोंबडं कापलं. वर साहेबांना बसायला तात्यांनी स्वतःचं नवं कोरं घोंगडं अंथरलं. हे घोंगडं म्हणजे साधी गोष्ट नव्हे. त्या वाडीचा रिवाज असा, की घोंगड्यावर बसलेल्या पाहुण्याला उणं म्हणून बोलायचं नाही. वैऱ्याला बसवलं तरी तो उठेपर्यंत वैर बाजूला. सोयरीक मोडायची असेल तर माणसं मुद्दाम रस्त्यात उभं राहून बोलायची. हे सगळं मला माहीत होतं. अकरा वर्षं पाहत होते मी. तरी ते घोंगडं अंथरताना माझ्या डोक्यात उजेड पडला नाही. मी उलट त्याची कड ओढून सारखी केली.

साहेब वाईट नव्हते हो. वाईट असते तर बरं झालं असतं, वाडी चवताळून तरी उठली असती. चाळिशीचा मनुष्य, लांबून जीपनं आलेला, मऊ बोलणारा. फेटा बांधून घेतला, घोंगड्यावर मांडी घालून बसले, फाईल उघडली.

"गाडीबद्दल, चालक-वाहकांबद्दल कुणाची काही तक्रार?"

वाडीच्या डोळ्यापुढे बापू आला. तो तेव्हा दुसऱ्या कुठल्या तरी मार्गावर होता, आणि त्याच्यावर काही बालंट येतंय की काय अशी कुजबुज होतीच. तात्या हात जोडून म्हणाले, "न्हाई न्हाई सायेब, तक्रार कसली? बापू म्हंजी आमच्या घरातलाच गडी."

"सध्याची फेरी वेळेवर येते?"

"येती की. नव-चाळीस म्हंजी नव-चाळीस."

"लोकांची गैरसोय वगैरे?"

पाहुण्यानं असं विचारल्यावर त्या मुलखात एकच उत्तर असतं. दुष्काळात विचारा, घरात आजारपण असताना विचारा, उत्तर तेच. तात्या म्हणाले, "देवाच्या दयेनं बरं चाललंय."

मी पुढे सरकून म्हणाले, "तात्या, सकाळच्या गाडीचं सांगा ना." तात्यांनी माझ्याकडे अशी नजर टाकली की जणू पाहुण्याच्या ताटात मीच खडा टाकलाय. "सांगू की बाई. आदी जेवू द्या पाव्हण्याला."

कोमल पाण्याचा तांब्या घेऊन उभी होती. सगळे गप्प आहेत असं बघून ती एकदम म्हणाली, "सर, आमचा पेपर अकराला असतुया, आन् गाडी..." आणि मी, जिच्या शाळेत ती पाच वर्षं शिकली त्या मी, तिला डोळ्यांनी दटावलं. मोठी माणसं बोलतायत ना, थांब जरा. सांगलीच्या घरात मला असंच दटावत असत. ती थांबली. तांब्या साहेबांपुढे ठेवून मागे भिंतीशी जाऊन उभी राहिली.

जेवण झालं. जेवल्यावर साहेबांना घाई झाली. पंचनामा लिहूनच झाला होता. "बाई वाचत्याल," म्हणून सगळ्यांनी तो माझ्याकडे दिला. मी उभी राहून खणखणीत आवाजात वाचला. त्यात होतं, 'सध्याची फेरी वेळेवर असून तीबाबत उपस्थित ग्रामस्थांची कोणतीही तक्रार नाही.' वाचता वाचता मी अडखळले. म्हटलं, "साहेब, सव्वासहाच्या गाडीची मागणी ह्यात हवी." ते हसून म्हणाले, "बाई, ती तुमच्या अर्जात आहेच की. तेच परत कशाला लिहायचं?" सगळी वाडी माझ्याकडे बघत होती. पाहुणा उठायच्या बेतात होता, आणि त्याच्यामागे हातात विडा घेऊन तात्या उभे. आता हुज्जत घालायची? मला लाज वाटली. लाज, दुसरं काही नाही. पहिली सही मी केली. माझी बघून बाकीच्यांनी सह्या केल्या, अंगठे दिले. दोन जिल्ह्यांच्या टेबलांवर भांडून आलेली बाई एका घोंगड्यापुढे गप्प झाली.

पुढचं सगळं नियमानं झालं, अगदी बोट ठेवायला जागा नाही असं. अधिकारी जागेवर गेले, माणसांचं ऐकलं, पंचनामा केला, मुदतीत कारणांसहित निर्णय दिला. तक्रार नसल्यानं सध्याचीच वेळ कायम. कोर्टानं तो कागद पाहिला. आता खात्यानं सगळं रीतसर केलेलं दिसतंय, निर्णयात हात घालायला कारण उरलेलं नाही, म्हणून अर्ज निकाली. पायऱ्या सगळ्या बरोबर आल्या. पूर्ण मार्क.

माधवनं मला कराडला बोलावून पंचनाम्याची प्रत पुढे सरकवली. मग म्हणाला, "कुमुद, ही सही तुझीच ना?" मी मान हलवली. तो चिडून म्हणाला, "विरुद्ध बाजूनं वकील लावायची गरजच नव्हती. तुम्ही पुरेसे होतात."

मी कोर्टावर चिडून पाहिलं आहे. खूप चिडून पाहिलं. म्हटलं, एवढी शहाणी माणसं, त्यांना कळू नये, की ज्या गावानं परीक्षेसाठी एवढी धाव घेतली त्या गावाची तक्रार नाही असं कसं होईल? कागदाच्या पलीकडे बघायचंच नाही का? पण त्यांना दिसला तो कागद माझ्या अक्षरातल्या सहीचा. मग साहेबांवर चिडून पाहिलं. पण त्या माणसानं विचारलं होतं, तीनदा विचारलं होतं. राग कुठे नेऊन ठेवावा ते कळत नाही, म्हणून तो दरवर्षी फेब्रुवारीत माझ्याच घरी मुक्कामाला येतो. सुनेवर निघतो, झेरॉक्सवाल्यावर निघतो, त्या लिंबावरसुद्धा निघतो.

परीक्षेला पहिले दोन पेपर डाळिंबवाल्याच्या पिकअपमधून निभावले. चौघी क्रेटांच्या मधे अवघडून बसून गेल्या. तिसऱ्या पेपराला पिकअप दुसऱ्या बाजाराला गेली. वाडीत त्या दिवशी एकही बाप्या, एकही मोटरसायकल हाताशी नव्हती. मी म्हटलं, चला, मी येते तुमच्याबरोबर, केंद्रावर बोलून बघते. गाडी बरोबर नऊ-चाळीसला आली. पंचनाम्यात लिहिल्याप्रमाणे वेळेवर. नव्या ड्रायव्हरला मी हात जोडून सांगितलं, जरा दामट बाबा. त्यानं दामटली बिचाऱ्यानं, पण तो रस्ता दामटू देतोय का? स्टँडवर उतरून पोरी पळत सुटल्या. मी साठीला टेकलेली बाई चप्पल हातात घेऊन त्यांच्या मागे. पोचलो तेव्हा अकरा वाजून पाच मिनिटं झाली होती. फाटक लागलं होतं. आतल्या माणसानं गजांतून हात हलवला. नियम म्हणजे नियम, आणि त्याचंही बरोबरच होतं. त्या वर्षी माझ्याशी वागणारा प्रत्येक माणूस बरोबरच होता.

कोमलचा पेपर जीवशास्त्राचा होता, बाकीच्यांचे आपापल्या विषयांचे. बाकीच्या तिघी रडायला लागल्या. कोमल रडली नाही. गजाला धरून ती आतल्या मोकळ्या पटांगणाकडे बघत राहिली. मग माझ्याकडे वळून, आवाज न चढवता म्हणाली, "बाई, मी तवा सायबास्नी सांगत हुते."

एवढंच. परतीच्या गाडीला दोन वाजेपर्यंत वेळ होता. आम्ही पाची जणी स्टँडच्या बाकावर बसून राहिलो. कुणीतरी उसाचा रस घेऊया म्हणालं, कुणी उठलं नाही.

जुलैच्या परीक्षेत ती पास झाली. चांगल्या मार्कांनी झाली. पण नर्सिंगचे प्रवेश त्या वर्षीचे आटोपले होते, आणि पुढच्या वर्षापर्यंत थांबायला तिच्या घरचे तयार झाले नाहीत. बाकी तिघींपैकी दोघी परत परीक्षेला बसल्याच नाहीत. त्याच उन्हाळ्यात मी निवृत्त झाले. वाडीनं मलाही फेटा बांधला, नारळ दिला, त्याच घोंगड्यावर बसवलं. मला कुणी एक शब्द बोललं नाही. बोलणार नव्हतेच. रस्त्यात उभं करून बोलले असते तर मला आवडलं असतं.

ह्याला सहा वर्षं झाली. मेथी निवडून पेपराचा बोळा केला त्याच्या दुसऱ्याच दिवशी कोमलचा फोन आला. सणासुदीला तिचा फोन असतो, मधे कधी नसतो. तिचं लग्न वाडीतच झालंय, दोन लेकरं आहेत. म्हणाली, धाकटी बहीण यंदा बारावीला आहे, आणि गाडीच्या वेळेसाठी तिनं परत कोर्टात अर्ज केलाय. कोमलनं स्वतः. कोर्टानं परत तेच सांगितलं आहे की वाडीत जा आणि माणसांचं ऐका.

"बुधवारी येनार हायती सायेब," ती म्हणाली. "रस्त्यावर उभं राहून बोलनार हाय आमी. जेवान न्हाई, फेटा न्हाई. तात्या रागावल्याती. म्हन्लं रागवू द्या."

मी म्हटलं, "कोमल, बुधवारी मी येते. सकाळीच निघते. ह्या वेळी मी सांगते त्यांना सगळं."

पलीकडे तिच्या मागे मेंढरांचा आवाज येत होता.

"आवं बाई, राग नगा मानू," ती म्हणाली. "पर तुमी येऊ नगा. तुमी आलासा की समदी मान्सं तुमच्या तोंडाकडं बगत्याती. आन् तुमी पाव्हण्याच्या."

मी बरं म्हणाले.